आपल्या तलावांसाठी आपलाच नियम करा : नागपूरच्या नगरसेवकांना खुले पत्र

प्रति,
सर्व सन्माननीय नगरसेविका आणि नगरसेवक,
नागपूर महानगरपालिका

सप्रेम नमस्कार.

फुटाळा तलाव कायद्याच्या व्याख्येनुसार 'पाणथळ' ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२५ मध्ये सांगितले. त्या दिवसापासून शहरात एक वाक्य सारखे कानावर येते : "आता काय, तलावांना कायदाच लागू नाही." चहाच्या टपरीवर ऐकले, सकाळी फिरायला येणाऱ्यांच्या तोंडून ऐकले आणि ज्यांना तलावाकाठी काहीतरी बांधायचे आहे त्यांच्याकडूनही ऐकले. हा समज पक्का होण्याआधी तुमच्याशी बोलायला हवे, म्हणून हे पत्र.

त्याच निकालात आणखी एक गोष्ट आहे आणि तिची चर्चा फार झाली नाही. तलाव मानवनिर्मित असला तरी तो लोकांच्या वतीने सांभाळायची सार्वजनिक ठेव आहे, हे तत्त्व न्यायालयाने मान्य केले. ठेव म्हटली की ती सांभाळणारा आला. शहरापुरता तो सांभाळणारा म्हणजे महापालिका आणि महापालिकेच्या सभागृहात तुम्ही १५१ जण. दिल्लीचा नियम आपल्या तलावांपाशी येऊन थांबतो. तिथून पुढचा नियम नागपूरने करायचा आहे, आणि माझी मागणी एवढीच आहे : शहरातल्या तलावांसाठी, त्यांच्या नाल्यांसाठी आणि जादा पाणी बाहेर सोडणाऱ्या सांडव्यांसाठी महापालिकेने स्वतःचा उपविधी करावा आणि त्याची राखण काठावरच्या लोकांच्या हाती द्यावी.

केंद्राचे पाणथळ संवर्धन व व्यवस्थापन नियम २०१७ चे. ज्या जागेला ते लागू होतात तिथे भराव टाकता येत नाही, अतिक्रमण करता येत नाही, कचरा टाकता येत नाही, प्रक्रिया न केलेले सांडपाणी सोडता येत नाही. मागच्या दहा वर्षांतल्या सरासरी उच्च पूररेषेपासून ५० मीटरच्या आत होड्यांचा धक्का सोडला तर कायमचे बांधकाम करता येत नाही. नियम चांगले आहेत. पण व्याख्येतून नदीपात्रे वगळली, भातशेती वगळली आणि पिण्याच्या पाण्यासाठी, सिंचनासाठी, मत्स्यपालनासाठी किंवा करमणुकीसाठी मुद्दाम बांधलेले जलाशयही वगळले. आता आपल्या शहरावर नजर फिरवा. अंबाझरी बांधलेला, गोरेवाडा पिण्याच्या पाण्यासाठी बांधलेला, फुटाळा, सोनेगाव, सक्करदरा हेही बांधलेलेच. गांधीसागर, ज्याला जुनी माणसे अजून जुम्मा तलाव म्हणतात, तो गोंड राजा चांद सुलतानने नाग नदीचे पाणी अडवून केला. म्हणजे ज्या राजांनी आणि ज्या कामगारांच्या हातांनी हे शहर पाण्यावर उभे केले, त्यांचे सगळे काम एका ओळीत संरक्षणाबाहेर गेले.

पाणथळ ओळखायची जगाची रीत मात्र वेगळी आहे. १९७१ साली इराणमधल्या रामसर शहरात जो आंतरराष्ट्रीय करार झाला, त्यात पाणथळ नैसर्गिक असो वा कृत्रिम, कायमची असो वा हंगामी, तिला सारखेच धरले आहे. भारत १९८२ पासून त्या करारात आहे. महाराष्ट्राचे पहिले रामसर स्थळ नांदूर मधमेश्वर, २०२० साली जाहीर झाले. ते गोदावरीवर घातलेल्या बंधाऱ्यामागे तयार झालेले आहे. भोपाळचा बडा तलाव राजा भोजाच्या नावाने ओळखला जातो, आजही शहराला पाणी देतो आणि २००२ पासून रामसर यादीत आहे. जानेवारी २०२५ मध्ये इंदूर आणि उदयपूर या भारतातल्या पहिल्या दोन शहरांना रामसर कराराखाली 'वेटलँड सिटी' ही मान्यता मिळाली. उदयपूरचे पिछोला आणि फतेहसागर माणसांनीच बांधले. इंदूर तर आपले शेजारी. स्वच्छतेच्या बाबतीत आपण त्यांचे नाव घेतोच, तलावांच्या बाबतीतही घेऊ.

कुणी म्हणेल, सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये सगळ्या राज्यांना पाणथळ जागांची प्रत्यक्ष पाहणी करून सीमा आखायला सांगितले आहे, मग वेगळे काय करायचे? ती पाहणी २.२५ हेक्टरपेक्षा मोठ्या जागांची आहे. आपल्याकडे वस्तीच्या मागे, जुन्या गावठाणाच्या कडेला ज्या बोड्या, म्हणजे छोटी तळी, आणि डबकी उरली आहेत, ती त्या मापात येतच नाहीत. आणि सगळ्यांत आधी बुजवली जातात ती हीच.

हे कागदावरचे झाले. कागद सोडून २३ सप्टेंबर २०२३ ची पहाट आठवा. चार-पाच तासांत शंभर मिलिमीटरच्या वर पाऊस झाला, अंबाझरी भरून वाहू लागला आणि नाग नदीकाठच्या वस्त्यांत झोपेतल्या माणसांच्या घरात पाणी शिरले. अंबाझरी लेआऊट, डागा लेआऊट, शंकरनगर, सीताबर्डी. मोरभवनच्या स्थानकात एसटीच्या बसगाड्या अर्ध्याअधिक बुडाल्या. माणसे दगावली. ज्या घरांत पाणी शिरले तिथल्या भिंतींवर चिखलाची रेघ नंतर कितीतरी दिवस दिसत होती. जिथे पलंगाच्या वर पाणी होते तिथे ती खिडकीच्या तावदानावर होती. सांडव्यापासून पुढे पाण्याला जायला जागा किती होती आणि किती उरली होती, यावर तेव्हा खूप बोलले गेले, प्रकरण उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे गेले, बांध मजबूत करण्याचे काम निघाले. ते हवेच होते. पण बांध मजबूत केल्याने अर्धाच प्रश्न सुटतो. वरच्या पाणलोटात मोकळी, झिरपणारी जमीन होती तोवर पाऊस तलावात रमतगमत यायचा. तिथे सिमेंट रस्ते, पेव्हर ब्लॉक आणि लेआऊट आले, नाले बांधून अरुंद झाले, की तोच पाऊस तासाभरात येऊन धडकतो. तलावाचे पोट गाळाने भरलेले असेल तर त्याने ते पाणी ठेवायचे कुठे?

म्हणून नियमात पहिली गोष्ट हवी ती पाण्याच्या येण्याजाण्याची. तलावाची हद्द म्हणजे आज दिसते ती पाण्याची कड नव्हे. पूर्ण संचय पातळीला पाणी जिथे पोचते ती रेषा मोजून दगड रोवले पाहिजेत, ती नगर भूमापनाच्या नकाशावर आणि विकास आराखड्यात आली पाहिजे. त्यासोबत तलावाला पाणी आणणारा प्रत्येक नाला आणि तलावातून पाणी नेणारा सांडवा, दोन्ही बाजूंच्या मोकळ्या पट्ट्यासह त्याच नकाशात हवेत. नाला वळवायचा, झाकायचा किंवा अरुंद करायचा असेल तर तो विषय सर्वसाधारण सभेपुढे यावा; झोन कार्यालयातल्या एका सहीवर होऊ नये. हुडकेश्वर, नरसाळ्याकडे शहर ज्या वेगाने सरकते आहे, तिथे हा नियम आजच लागला तर उद्या पंप लावून पाणी उपसायची वेळ येणार नाही.

यासाठी बाहेरून कुणाला बोलवायची गरज नाही. उपग्रहाच्या चित्रांवरून राज्याचे नकाशे करणारे महाराष्ट्र सुदूर संवेदन उपयोजन केंद्र आपल्याच व्हीएनआयटी या अभियांत्रिकी संस्थेच्या आवारात आहे. पाण्याची तपासणी करणारी नीरी वर्धा रोडवर आहे. इतकी संस्थासंपत्ती राज्यात फार थोड्या शहरांकडे असेल.

दुसरी गोष्ट सांडपाण्याची, आणि इथे मला थोडे थांबून बोलायचे आहे. अंबाझरीच्या वरच्या अंगाला, जिथून नाला आत येतो तिथे उन्हाळ्यात एकदा सकाळी उभे राहून पाहा. पाणी राखाडी असते, काठाला साबणाच्या फेसासारखा फेस चिकटलेला असतो, मध्येच गॅसचे बुडबुडे येतात. थोडे पुढे जलकुंभीची हिरवी चादर सुरू होते आणि पाणी दिसेनासे होते. शहराला लागून असलेल्या वाडी आणि आसपासच्या भागातले सांडपाणी तलावात येते, हे वर्तमानपत्रांतून वर्षानुवर्षे छापून येत आहे. जलकुंभी काढायला मशीन लावतात, ट्रक भरभरून ती बाहेर जाते, फोटो निघतात आणि पाऊस संपला की ती पुन्हा पसरते. पसरणारच. सांडपाण्यातले नत्र आणि स्फुरद हे तिचे खत आहे. खताचा पुरवठा चालू ठेवून रोप उपटत बसण्याने काय साधणार?

ज्या तलावांवर मासेमारी चालते तिथला एक वयस्क ढीवर बांधव मला सांगत होता की त्यांना पाण्याचा अहवाल लागत नाही. पहाटे मासे वर तोंड काढून हवा गिळायला लागले की समजायचे, आता दोन-तीन दिवसांत काठाला मेलेले मासे लागतील. त्याचे म्हणणे शास्त्राला धरूनच आहे. शेवाळ दिवसा प्राणवायू सोडते, रात्री स्वतःच तो घेते, आणि तळाशी कुजणारा गाळही घेतो. त्यामुळे पहाटे पाण्यात प्राणवायू सर्वांत कमी असतो. तलावातल्या मासेमारीवर ज्यांचे घर चालते त्यांच्यासाठी ही वर्षभराची कमाई असते. मासे मेले की आपण वास येतो म्हणून तक्रार करतो; त्यांचे बीज, जाळी, ठेक्याची रक्कम सगळेच पाण्यात जाते.

तेव्हा नियम असा हवा : तलावाच्या पाणलोटातल्या कोणत्याही नव्या इमारतीला, मग ती शाळा असो, हॉटेल असो की फ्लॅट स्कीम, सांडपाणी प्रक्रिया केंद्रापर्यंत जाणाऱ्या गडर लाइनला जोडणी झाल्याशिवाय भोगवटा प्रमाणपत्र मिळू नये. जुन्या जोडण्यांसाठी मुदत द्यावी आणि कोणत्या नाल्यातून किती घाण येते हे दर महिन्याला तलावाच्या काठावर फलकावर लावावे. हद्दीबाहेरच्या नगरपरिषदा आणि ग्रामपंचायती यांच्याशी महापालिकेने लेखी करार करावा, कारण नाल्याला वॉर्डाची सीमा कळत नाही. नाग नदीच्या पुनरुज्जीवनाचा मोठा प्रकल्प हाती घेतला आहे, तो यशस्वी व्हावा असे मनापासून वाटते. पण नदीचे डोके तलावात आहे. तलाव घाण ठेवून नदी स्वच्छ होणार नाही, आणि आपली घाण पुढे कन्हान, वैनगंगेतून गोसेखुर्दपर्यंत जाते, हे तिथल्या लोकांना आपण किती दिवस सोसायला लावणार?

आता काठाबद्दल. सुशोभीकरणाचा प्रस्ताव तुमच्यापुढे नेहमी येतो, आणि पुढेही येईल. लोकांना फिरायला जागा हवी, बाकडी हवीत, दिवे हवेत, हे मला मान्य आहे. पण तलावाच्या चारी बाजूंनी दगडी पिचिंग आणि सिमेंटची भिंत उभी केली की तलावाची टाकी होते. ज्या उथळ, चिखलट पट्ट्याकडे पाहून आपण नाक मुरडतो, तिथेच तलाव जगतो. तिथे देवधान उगवते, पाणवनस्पतींच्या मुळाशी मासे अंडी घालतात, कमळाच्या पानांवर कमळपक्षी घरटे करतो, ढोकरी तासन्तास उभी राहते. हिवाळ्यात उत्तरेकडून थापट्या, तलवार बदके, चक्रवाक येतात तेव्हा त्यांना चरायला उथळ पाणीच लागते. गोरेवाडा, सुराबर्डी, झिलपीला डिसेंबरात गेलात तर हे डोळ्यांनी दिसेल. तोच पट्टा वरून येणारा गाळ आणि घाण गाळून घेतो. म्हणून उपविधीत स्पष्ट लिहा की प्रत्येक तलावाच्या काठाचा ठरावीक भाग कच्चा आणि उथळ राहील, नाला जिथे येतो ते तोंड कधीही बांधले जाणार नाही आणि स्थलांतरित पक्षी असतात त्या महिन्यांत रात्रीचे प्रखर दिवे आणि मोठे आवाज बंद राहतील. एका बाजूला लोकांचा काठ, दुसऱ्या बाजूला पाण्याचा काठ, अशी वाटणी करायला काहीच हरकत नाही.

कच्चा काठ पुन्हा तयार करता येतो, हे आपल्या विदर्भातच लोकांनी करून दाखवले आहे. पूर्व विदर्भात माजी मालगुजारी तलाव हजारोंनी आहेत. कोहळी समाजाच्या पूर्वजांनी पाणलोट बघून, उतार बघून ते बांधले. त्यातल्या कित्येकांत बेशरम नावाची झुडपी वनस्पती माजली होती, मासे संपले होते. भंडारा-गोंदियात ढीवर समाजाच्या स्त्री-पुरुषांनी ती बेशरम मुळासकट उपटली, उन्हाळ्यात तळ नांगरला आणि कोणती पाणवनस्पती कोणत्या माशाला लागते हे जुन्या माणसांकडून समजून घेऊन ती रोपे लावली. मासे परत आले, पक्षी परत आले. गोंदियात सारस वाचला तोही शेतकऱ्यांनी आपल्या बांध्यातली घरटी राखली म्हणून. हे ज्ञान असलेली माणसे आपल्यापासून दोन-तीन तासांच्या अंतरावर आहेत. त्यांना पाहुणे म्हणून बोलवा, सल्लागाराला देतो तसे मानधन द्या आणि नाईक तलाव, लेंडी तलाव यांसारख्या छोट्या तलावांवर त्यांच्या देखरेखीखाली काम सुरू करा.

नाईक तलाव आणि लेंडी तलावाचे नाव घेतले की अतिक्रमणाचा प्रश्न येतो. त्यावर माझे मत स्पष्ट सांगते. पिढ्यान्‌पिढ्या काठावर राहणाऱ्या हातमजुरांच्या झोपड्यांवर पहिला बुलडोझर चालवून तलाव वाचत नाही. त्यांना संडास, गडर लाइन आणि कचरागाडी दिली तर निम्मी घाण तिथेच थांबते. हटवायचेच असेल तर त्यांच्याशी बोलून, जवळच पक्के घर देऊन. आधी हात घालायचा तो मलब्याचे टिप्पर रिकामे करणाऱ्यांना आणि भराव टाकून प्लॉट विकणाऱ्यांना.

हे सगळे लोकांशिवाय होणार नाही, आणि नागपूरचे लोक तयार असतात याचा पुरावा गणपतीत मिळाला आहे. तलावात विसर्जन बंद करायचे म्हटल्यावर केवढी कुजबुज झाली होती! महापालिकेने मन घट्ट केले, वस्त्यावस्त्यांत कृत्रिम टाक्या ठेवल्या, ग्रीन व्हिजिलसारख्या संस्थांची तरुण मुले फुटाळ्यावर निर्माल्य गोळा करत, हात जोडून लोकांना समजावत उभी राहिली. आज घरोघरची माणसे आपणहून टाकीकडे वळतात, मुलांना तेच विसर्जन वाटते. नियम आला, सोबत सोय आली आणि समजावणारे माणूस आले, तिन्ही एकत्र आले म्हणून ते जमले. नुसता दंड लावला असता तर लोकांनी अंधार पडल्यावर मूर्ती पाण्यात सोडल्या असत्या. तलावांच्या नियमालाही असेच तिन्ही लागेल.

त्यासाठी प्रत्येक तलावाची एक समिती करा. तिच्यात मासेमारी संस्थेचे प्रतिनिधी पहिले असोत, मग काठावरच्या वस्तीतल्या बायका, जवळच्या शाळा-महाविद्यालयाचे शिक्षक, पक्षी पाहणारे, त्या प्रभागाचे नगरसेवक आणि झोनचा एक अधिकारी. केंद्राच्या कार्यक्रमात 'वेटलँड मित्र' ही कल्पना आहेच. ती आपण तलावमित्र म्हणून घेऊ. समितीला दोन अधिकार खरे द्या. एक, मलबा किंवा सांडपाणी टाकताना पकडले तर समितीने दिलेल्या फोटोवर ठरलेल्या दिवसांत कारवाई झालीच पाहिजे, आणि झाली नाही तर का, याचे लेखी उत्तर. दुसरा, त्या तलावाच्या मासेमारीच्या ठेक्याचे, होडीच्या तिकिटाचे आणि दंडाचे पैसे त्याच तलावाच्या खात्यात. वर्षातून एकदा हिशेब काठावरच, लोकांसमोर वाचावा.

महापालिका आयुक्तांनी दरवर्षी ३१ जुलैपूर्वी पर्यावरणाच्या सद्यस्थितीचा अहवाल सभागृहापुढे ठेवायचा असतो, ही तरतूद कायद्यातच आहे. त्यात प्रत्येक तलावाला एक पान द्या : पाणी किती, गाळ किती, प्राणवायू किती, पक्षी कोणते, हद्दीचे दगड जागेवर आहेत की नाहीत. आणि त्या पानावर चर्चा करा. तुमच्या प्रभागातला तलाव मागच्या वर्षीपेक्षा कमी झाला असेल तर तुम्ही उभे राहून विचारले पाहिजे.

मालकी वेगवेगळ्या खात्यांत आणि संस्थांत विभागलेली आहे, हे उत्तर मला बऱ्याचदा मिळाले आहे. एका कार्यालयात मी भरावाची तक्रार घेऊन गेले तेव्हा तिथून दुसरीकडे, दुसरीकडून तिसरीकडे पाठवले गेले, तोवर भराव रोलर फिरवून सपाट झाला होता. म्हणूनच उपविधी हवा. जमीन कुणाचीही असो, शहराच्या हद्दीतल्या पाण्याला हात लावायचा तर एकाच दाराने यावे लागेल, अशी तरतूद त्यात करा. तलावांसाठी एक स्वतंत्र कक्ष, एक जबाबदार अधिकारी, एक फोन क्रमांक.

येत्या सर्वसाधारण सभेच्या विषयपत्रिकेवर हा विषय घ्या, अशी विनंती करते. मसुदा तयार व्हायला वेळ लागेल हे समजते. तोवर निदान दोन ठराव लगेच करता येतील. हद्द आखून होईपर्यंत कोणत्याही तलावाच्या काठी नवे पक्के बांधकाम करायचे नाही, आणि पावसाळ्यापूर्वी प्रत्येक तलावाचा सांडवा व त्याखालचा नाला मोकळा करून त्याचे फोटो जाहीर करायचे. मसुदा झाला की तो मराठीत आणि हिंदीत छापून झोन कार्यालयांत हरकतींसाठी ठेवा. आम्ही काठावरचे लोक तो ओळीनओळ वाचू. नकाशा घेऊन तलावाभोवती चालायला तुमच्यापैकी जे येतील त्यांच्यासोबत आम्ही येऊ. नाल्यांची तोंडे कुठे आहेत, मलबा रात्री कुठून येतो, जुनी पाळ कुठवर होती हे दाखवायला आमच्यात माणसे आहेत. रविवारची सकाळ सोयीची पडेल.

आपली,
अंबाझरी परिसरातील एक रहिवासी